राणीने उघडलेली भट्टी

लहानांनो, नीट बसा. मोठ्यांनो, तुम्ही जरा जास्तच नीट बसा, कारण ही गोष्ट खरं म्हणजे तुमची आहे.

फार फार जुन्या काळी, डोंगराच्या कुशीतल्या एका राज्यात एक राणी होती. कारभाराला हुशार, मनाने मायाळू. पण धीर म्हणाल तर तो तिच्या वाट्याला आलाच नव्हता. आंब्याची कोय पेरली तर दुसऱ्या दिवशी उकरून बघणारी बाई.

तिचा बाप, म्हणजे आधीचा राजा, लेकीच्या हाती राज्य सोपवून निवांत झाला होता. थंडीच्या तोंडावर त्याला ताप आला. ताप गेला, पण जाताना जिभेची चव घेऊन गेला. ताट जसं यायचं तसंच परत जायचं. शेवटी वैद्याने राणीला बाजूला घेतलं आणि सांगितलं की औषधाचं काम संपलं, आता पोटात अन्न गेलं नाही तर महाराज ही थंडी काढणार नाहीत.

राणीने बापाला खोदून खोदून विचारलं, काय खावंसं वाटतं? म्हातारा कंटाळून म्हणाला की टर्कीच्या तंगड्या खाईन. मोहिमेवर असताना शिपायांबरोबर शेकोटीशी बसून खायचो तशा, धूर मुरलेल्या.

आता टर्की म्हणजे कोंबड्याचा थोराड चुलतभाऊ. परमुलखातल्या व्यापाऱ्यांनी आणलेले असे थोडे पक्षी राजवाड्याच्या आवारात होते. त्यांच्या तंगड्या अशा जाड आणि शिरांच्या, की घाईने शिजवल्या तर दाताशी वैरच. त्यात वैद्याने म्हाताऱ्याला शेकोटीजवळ जायची बंदी केली होती. बाहेरचा गार वारा नको आणि छातीत धूर नको. म्हणजे धुराची चव हवी, पण धूर नको. आचाऱ्याने कपाळाला हात लावला.

पण तो जुना माणूस होता. तो म्हणाला, घरातल्या भट्टीत करू. मीठ, गूळ, लसूण आणि मिरी चोळून तंगड्या रात्रभर मुरवायच्या. सकाळी मातीच्या मोठ्या पातेल्यात रचायच्या, मध्ये वाटीत आंब्याच्या लाकडाचा रसरशीत निखारा ठेवायचा आणि त्यावर तुपाची धार धरायची. भपकन धूर उठला की लगेच झाकण घालून कडा कणकेने लिंपून टाकायच्या. मग मंद आचेच्या भट्टीत संध्याकाळपर्यंत त्याला कोणी हात लावायचा नाही.

हे शेवटचं वाक्य कोणी ऐकलंच नाही. कारण त्या राज्यात एक रीत होती. अन्न शिजत असताना घरच्या माणसाने झाकण काढून आत डोकावायचं. जो डोकावला नाही त्याला घराची पर्वा नाही, असं लोक सरळ बोलून दाखवत. वरणभाताचं त्याने काही बिघडत नसे, म्हणून रीत पिढ्यान्‌पिढ्या चालली होती.

झालं. सकाळी राणीची आत्या आली, भावाच्या काळजीने झाकण उचलून गेली. मग प्रधान आला. त्याला राजनिष्ठा दाखवायची होती. मग सेनापती, मग वैद्य, मग पुन्हा आत्या, कारण मघाशी तिला धुरामुळे नीट दिसलं नव्हतं. आचारी प्रत्येक वेळी नवी कणीक मळून कडा लिंपत होता आणि तोंडातल्या तोंडात काहीतरी पुटपुटत होता. काय ते मी सांगणार नाही, लहान मुलं ऐकत आहेत.

संध्याकाळी तंगड्या निघाल्या त्या वरून वाळलेल्या आणि हाडाजवळ कच्च्या. धुराचा मागमूस नाही. म्हाताऱ्याने एक घास चावला, ताटात ठेवला आणि भिंतीकडे तोंड केलं.

राणीचा पारा चढला. तिने आत्याला, प्रधानाला, साऱ्यांनाच फैलावर घेतलं. आचाऱ्याने फक्त एवढंच विचारलं, "राणीसाहेब, झाकण उघडलं की धूर जातो. मी किती वेळा लिंपू?"

"उद्या मीच करते," राणी म्हणाली. "तुम्ही कोणी इकडे फिरकू नका."

दुसऱ्या दिवशी तिने पातेलं भट्टीत सरकवलं, सगळ्यांना बाहेर काढलं आणि दाराला आतून कडी घातली. आत्या बाहेर रुसून बसली. राणीला आतून तिचे उसासे ऐकू येत होते आणि तिचं डोकं आणखी भणभणत होतं. यांना साधी गोष्ट कळू नये? एक झाकण. एवढंच तर राखायचं होतं.

मग तिच्या मनात आलं, निखारा विझला तर नसेल? माझ्या बापाच्या जिवाचा प्रश्न आहे. मी काय आत्यासारखी उगाच बघणार आहे? मी जरासंच बघणार. तिने कणीक खरवडली, झाकण तिरपं केलं, धूर डोळ्यांत गेला. सगळं ठीक होतं. तिने पुन्हा लिंपलं. थोड्या वेळाने तिला वाटलं, मघाशी लिंपताना फट तर राहिली नाही ना?

संध्याकाळी तंगड्या कालच्यासारख्याच निघाल्या. वरून वाळलेल्या, हाडाजवळ कच्च्या. राणीने रागावायला वळून पाहिलं, तर तिथे दुसरं कोणीच नव्हतं. ती तशीच भट्टीसमोर खाली बसली आणि रडली. स्वतःचा इतका संताप तिला आजवर कधी आला नव्हता.

आता एकच पक्षी उरला होता. तिसऱ्या सकाळी तिने ते काम आचाऱ्याच्या हाती दिलं, भट्टीघराला बाहेरून कुलूप लावायला लावलं आणि किल्ली त्याच्याच कमरेला ठेवायला सांगितली. मग हात रिकामे झाले, तशी ती बापाच्या खोलीत गेली. कपाळाला हात लावला. जीभ दाखवायला सांगितली. "आबा, भूक वाटते का? थोडी पेज आणू? मघापेक्षा बरं वाटतंय ना?"

म्हाताऱ्याने तिचा हात बाजूला केला.

"तुझ्या त्या पातेल्याला आज कुलूप लावलंस म्हणे. मग मलाही लाव. दिवसभर येतेस आणि मला उघडून बघतेस. जरा कुठे आत भूक धरायला लागते, तोच तुझं पाऊल वाजतं आणि सगळं निवतं. मी वैतागलोय गं पोरी."

राणीला ते लागलं. एवढं जीव टाकून करायचं आणि वर हे ऐकायचं. तिच्या ओठांवर उत्तर आलं होतं, पण काल भट्टीसमोर बसलेली ती स्वतःच तिला आठवली. ती खिडकीपाशी जाऊन बसली. काही विचारलं नाही. म्हातारा झोपला, उठला, पुन्हा झोपला. दिवसभरात तिच्या जिभेवर कितीतरी प्रश्न आले आणि तिने ते सगळे गिळले. राज्य चालवणं याहून सोपं होतं.

दिवेलागणीला आचाऱ्याने पातेलं खोलीत आणून ठेवलं आणि सगळ्यांदेखत कणीक फोडली. धुराचा खमंग वास खोलीभर दरवळला. मांस हाडावरून आपसूक सुटत होतं. कोणी वाढायच्या आत म्हाताऱ्याने हात घातला. एक तंगडी त्याने हाडापर्यंत संपवली, बोटं चाटली आणि दुसरी उचलली.

कशी झाली आहे, हे विचारायला राणीने तोंड उघडलं. मग तिने ते मिटलं, आणि बापाला जेवू दिलं.

म्हाताऱ्याने ती थंडी काढली, पुढचीही काढली.

म्हणून लक्षात ठेवा: ज्याच्यावर माया आहे त्याला सारखं उघडून पाहू नये, कारण न डोकावता वाट पाहणं हीसुद्धा काळजीच असते.