कोरड्या विहिरीतल्या पोथ्या

केवलगिरी महाराजांचा मुक्काम तेव्हा खडकपिंपरीच्या मारुतीच्या देवळात होता. त्याच गावात नरहरी गंधे राहत असे. गाठोडं पाठीवर टाकून बाजारोबाजार पोथ्या विकणारा हा भला माणूस. कोणी जीर्ण पोथी आणून दिली, की तो बदल्यात नवी देई आणि जुनी कपाळाला लावून ठेवून घेई. जीर्ण पोथी रद्दीत जाऊ द्यायची नाही, वाहत्या पाण्यातच सोडायची, हा त्याचा नेम.

गावाने आग्रह करकरून याच नरहरीला सरपंच केलं. त्याने एकच शब्द दिला होता, वरच्या वस्तीला विहीर. तिथल्या बायाबापड्या कोसभरावरून पाणी वाहून आणत हो! नरहरीने स्वतःचा मळा विकला आणि विहीर खणायला घेतली. चाळीस हात खाली गेले, तरी पाण्याचा टिपूस नाही.

निवडणुकीत पडलेल्या रंगराव जहागीरदारांना आयतंच फावलं. चावडीवर चारचौघांत ते म्हणाले, "पोथ्या विकणाऱ्याने गाठोडं सांभाळावं! सोमवारी दुपारपर्यंत पाणी दाखव, नाहीतर खुर्ची सोड."

"सोडतो, रावसाहेब," नरहरी बोलून गेला.

सोमवारी सकाळी बिचाऱ्याने महाराजांचे पाय धरले. "महाराज, खुर्ची गेली तर जाऊ द्या. पण त्या बायांना तोंड कसं दाखवू? तीन वर्षं नदीही कोरडी. घरात जीर्ण पोथ्यांचा ढीग पडलाय, त्यांनाही पाणी देता येत नाही."

महाराज म्हणाले, "अरे वेड्या, मग त्यांना विहिरीवर घेऊन चल! इतकी वर्षं तू त्यांना जपलंस, त्या तुला टाकतील होय?"

टोपलीभर पोथ्या दोराने विहिरीत सोडल्या. मुदत संपायची वाट बघत काठावर आलेले रंगराव पोट धरून हसले. "कोरड्या विहिरीत विसर्जन! सरपंचांचं डोकं फिरलं!"

महाराज डोळे मिटून काठावर उभे होते. टोपली तळाला टेकली मात्र, खाली खडक कडाडला आणि नरहरीच्या हातातला दोर सैल पडला. वाकून पाहतात तो काय, टोपली आपली आपण वर येतेय! तिच्याखाली हातहात पाणी चढत होतं.

"पाणी आलं गं बायांनो!" वस्तीतल्या बाया हंडे घेऊन धावल्या. केवढा तो आनंद!

महाराजांनी टोपली वर काढायला लावली. सगळ्यांत वरची पोथी कोरडी ठणठणीत होती. ती त्यांनी रंगरावांच्या हाती दिली. पहिल्याच पानावर नाव होतं, उमाबाई जहागीरदार.

रंगरावांचा चेहरा उतरला. "ही आईची. ती गेल्यावर मीच वाण्याला रद्दीत दिली."

"मी सोडवून आणली, रावसाहेब," नरहरी हळूच म्हणाला. "आईसाहेबांच्या पोथीच्या पानांत तिखटामिठाच्या पुड्या बांधलेल्या बघवेनात."

रंगराव महाराजांच्या पायांकडे वाकले. महाराज मागे सरले. "माझ्या नव्हे, त्याच्या पाया पडा."

भरल्या डोळ्यांनी रंगरावांनी पागोटं काढलं आणि नरहरीच्या पायांवर डोकं ठेवलं. मग उठले, आणि त्या विहिरीचा पहिला हंडा स्वतःच्या डोक्यावरून वस्तीत नेऊन पोचवला.