धुनीवरची भाकरी

“पण सुरुवात त्यांनी केली, महाराज. मग माघार मी का घ्यायची?”

सेनापती हैबतराव पुन्हा तेच विचारत होते. नदीतल्या बेटावर केवळगिरी गोसाव्यांची धुनी होती. अलीकडच्या काठावर हैबतरावांची फौज, पलीकडे शेजारच्या राज्याची. सकाळी एकमेकांचे गळे कापायचे ठरले होते.

हैबतरावांचा एकुलता एक मुलगा पहिल्या फळीत होता. त्याच्यासाठी बापाला धुनीवरची भाकरी हवी होती. ती खाऊन लढाईला गेलेला जिवंत परततो, अशी श्रद्धा होती. दोन्ही काठांची.

गोसाव्यांनी भाकरी निखाऱ्यांवर टाकली, दोघांच्या मधोमध.

“काय केलं त्यांनी?”

“दसऱ्याला दोन्हीकडचे स्वार नदीत उतरून एकमेकांना सोनं द्यायचे. आजोबांपासूनची रीत. एका वर्षी त्यांनी दुप्पट स्वार आणले.”

“मग?”

“पुढच्या वर्षी आम्ही चौपट नेले. आम्ही काय हातात बांगड्या भरल्यात?”

“मग?”

“त्यांनी तोफा आणल्या. म्हणे, सलामीला. मग आम्हीही नेल्या.”

“आणि सोनं?”

यंदा आपट्याची पानं कुणीच आणली नव्हती. हे हैबतरावांना आत्ता आठवलं, आणि आठवलं म्हणून संतापच आला.

“पहिल्याच वर्षी विचारलं होतंस त्यांना, एवढे स्वार कशाला म्हणून?”

“शत्रूला विचारायला जाऊ?”

“तेव्हा कुठे शत्रू होते, गाढवा?” गोसावी कडाडले. “पोटचं पोर तोफेच्या तोंडी देतोस, आणि एक प्रश्न विचारायला तुझी जीभ झडली होती?”

याच माणसाने लहानपणी त्यांच्या हातात दांडपट्टा दिला होता. पण सेनापतीला गाढव म्हणायचं? हैबतरावांच्या तळपायाची आग मस्तकात गेली. हात मुठीवर गेला.

गोसाव्यांनी चिमटा उचलला.

तलवार अर्धी बाहेर आली.

चिमटा पुढे सरकला.

तलवार म्यानातून सुटली आणि पातं म्हाताऱ्याच्या गळ्याला टेकलं.

चिमटा होता तिथेच थांबला...

कुणी हललं नाही. दोघांच्या मधून धूर वर येऊ लागला. करपल्याचा वास सुटला.

“भाकरी उलटायला उचलला होता रे,” गोसावी म्हणाले. “ने आता. घाल तुझ्या पोराला.”