कॅमेऱ्यासमोरची खुर्ची

महायुद्ध संपून थोडाच काळ लोटला होता. स्वीडनमधल्या एका स्टुडिओत एक वृद्ध छायालेखक होता. छायालेखक म्हणजे कॅमेऱ्यामागे उभा राहून सिनेमातला उजेड आणि सावली ठरवणारा माणूस. त्याची दृष्टी आता अधू होत चालली होती, म्हणून त्याने एका चित्रपटाचे काम प्रथमच आपल्या शिष्यावर सोपवले.

पहिलाच प्रसंग एका आईचा होता. तिच्या खलाशी मुलाचे जहाज युद्धात बुडाले आहे आणि ती खिडकीपाशी बसून त्याला आठवते आहे. भूमिका करणारी अभिनेत्री एके काळची सौंदर्यवती, आता साठीला आलेली. शिष्य हुशार होता. हुशार माणसे करतात तेच त्याने केले, होते नव्हते तेवढे दिवे लावले! बाईंच्या चेहऱ्यावरची एकही सुरकुती दिसेना. पण दिग्दर्शकाला दुःखही दिसेना. पुन्हा घेतले, पुन्हा तेच.

शेवटी दिग्दर्शक वैतागून म्हणाला, "बाईंना जमत नाही. उद्या दुसरी नटी बोलवा."

बाई मान खाली घालून उठल्या. शिष्याला वाईट वाटले, पण खरे सांगायचे तर हायसेही वाटले. ठपका त्याच्यावर आला नव्हता.

कोपऱ्यात बसलेला वृद्ध उठला आणि शिष्याला म्हणाला, "त्या खुर्चीत बस."

"मी?"

"हो, तूच. दिवे चालू राहू देत. आणि आता तुझ्या आईचा चेहरा आठव."

शिष्य गोंधळला. सगळ्यांसमोर ही कसली शिक्षा? पण बसला. कपाळ भाजू लागले. डोळ्यांत पाणी आले, पण ते आईच्या आठवणीने नव्हे. डोळे मिटावेत, एवढे एकच मनात येत होते. अखेर तो उठला. "नाही आठवत," तो पुटपुटला.

"तुझी आई हयात आहे. आज सकाळीच तिने तुला डबा करून दिला," वृद्ध म्हणाला. "तिचा चेहरा तुला आठवेना, आणि या बाईंनी समुद्रात गेलेला मुलगा आठवायचा होय?"

मग त्याने एकेक करून दिवे बंद केले. एकच ठेवला, भिंतीवर एक पांढरी चादर टांगली आणि तो दिवा तिच्याकडे वळवला. चादरीवरून परतलेला मंद उजेड खोलीत पसरला. बाई पुन्हा खुर्चीत बसल्या. त्यानंतर दुसऱ्या नटीचा विषय दिग्दर्शकाने काढला नाही.

झाले! शिष्याला मंत्रच सापडला. पुढच्या आठवड्यात एका व्यापाऱ्याच्या घरच्या लग्नाची मेजवानी चित्रित करायची होती. शिष्याने मोठ्या ऐटीत चादर टांगली, एकच दिवा लावला आणि शाबासकीची वाट पाहू लागला.

वृद्ध आत आला. इकडेतिकडे पाहून म्हणाला, "काय रे, कोणी वारले का इथे?" आणि त्याने भराभर सगळे दिवे लावायला सांगितले.

आता मात्र शिष्य पुरता चक्रावला. "त्या दिवशी आपण दिवे विझवलेत, आज लावता आहात. खरे काय ते एकदाच सांगा, म्हणजे मी पाठ करून टाकतो."

वृद्ध हसला. "दिव्यांविषयी मी तुला काहीच शिकवले नाही, बाबा. खुर्चीत बसवले, एवढेच. तिथे बसणाऱ्याला काय वाटत असेल, हे दर वेळी नव्याने जाणून घ्यावे लागते. आज बसला होतास?"

शिष्य गुपचूप जाऊन नवरीच्या खुर्चीत बसला.

पुढे त्या शिष्याने पुष्कळ चित्रपट केले, नाव मिळवले, केस पिकवले. प्रत्येक प्रसंगाआधी तो नटाच्या खुर्चीत जरा वेळ बसून राही. नव्या मदतनिसांना वाटे, म्हातारा दमला. ते धावत जाऊन कॉफी आणत. तो कॉफी घेई, खुर्चीतून उठे आणि आणणाऱ्याला म्हणे, "आता तू बस."