महाराजांना एका हाताने उचललं

आटपाट नगर होतं. तिथे धाकोजी भोई महाराजांची पालखी वाही, त्याची बायको येसू तळ्यात मासे धरी. एकदा धाकोजी बोलून गेला, "महाराज लई जड हो!" झालं, पडला कोठडीत.

येसू धावली. महाराज म्हणाले, "आम्ही पिसासारखे हलके! एका हाताने उचल, नवरा सोडतो."

पाण्यात धोंडाही हलका होतो, हे येसूला ठाऊक. तिने महाराजांना मुकुटासकट तळ्यात नेऊन आडवं केलं, पाठीखाली एक हात घातला आणि अलगद उचललं.

"अगं, हे तर पाण्याने उचललं!"

"मी उचललं असेल, तर नवरा सोडा. पाण्याने उचललं असेल, तर तुम्ही जडच. मग तो खरंच बोलला, म्हणून सोडा. बोला लवकर, हात काढू का?"

धाकोजी सुटला. महाराजांनी पालखी टाकून नाव धरली, आणि राजनावेचं वल्हं येसूच्या घरी पिढ्यान्‌पिढ्या नांदलं.