खंड्याचं जांभळं फूल

तळ्यात आभाळ दिसायचं, तेव्हाची ही गोष्ट. जवळच्या एका बंगल्याच्या हौदातली जांभळ्या फुलांची जलपर्णी खंड्या पक्ष्याला फार आवडली. तिचं एक रोपटं त्याने चोचीत धरून तळ्यात आणून टाकलं.

“हे कशाला रे?” एका मासोळीने विचारलं.

“शोभेला! तुम्हां माशांना काय कळतंय त्यातलं?”

पावसाळा सरेपर्यंत तळं या काठापासून त्या काठापर्यंत तिच्या पानांनी झाकून गेलं. खंड्या या फांदीवरून त्या फांदीवर नुसता येरझाऱ्या घाली. पाणी दिसेना, मासा दिसेना. भुकेने त्याचा जीव कासावीस झाला.

एवढ्यात पानांखालून तीच मासोळी धापा टाकत म्हणाली, “खंड्या, आहेस का रे वर? मार ना एकदा सूर. मला खाल्लंस तरी चालेल, पण तेवढं भोक पडू दे. पिल्लं गुदमरताहेत.”

खंड्याने जीव खाऊन सूर मारला आणि पानांवरच आपटला. चोचीत आलं, ते जांभळं फूल.