पालथा खल

एका राज्यात, जिथे पाखरांनाही चार शब्द बोलायची मुभा होती, म्हाळदेव नावाचा वैद्य राही. आधी कुंडली मांडायची, मग औषधाची पुडी सोडायची, अशी त्याची रीत. एकदा त्याने राजाला दुखण्यातून उठवलं. राजाने खजिन्यातलं तांब्याचं ग्रहचक्र त्याच्यापुढे ठेवलं.

"हे मांत्रिकाने घडवलंय. आपसूक फिरतं, रोग्याचं मरण सांगतं. पण जो वापरेल त्याच्या बोटांना नाडी लागणार नाही, असा शाप आहे."

"मरणच कळल्यावर नाडी हवी कशाला, महाराज?" म्हाळदेव म्हणाला. घ्या! एवढा शिकलेला माणूस, आणि हे बोलणं!

झालं. त्याचा बोलबाला झाला. चक्राने मरण सांगितलं, की तो रोग्याच्या घरचा खल उंबऱ्यावर पालथा घाली, म्हणजे आता औषध कुटायचं नाही, आणि निघून जाई. चक्र कधी चुकत नाही, असं जो तो म्हणू लागला.

मग त्याची बायको रेमाई तापाने पडली. चक्र फिरलं, थांबलं. तिसरा दिवस, सूर्य मावळताना. म्हाळदेवाने खल उचलला.

"अहो, पालथा नका घालू," रेमाई म्हणाली. "मी अजून आहे."

त्याने खल खाली ठेवला. तेवढ्यात आढ्यावरची साळुंकी बोलली, "वैद्या, जिथे खल पालथे घातलेस, त्यांतल्या तीन घरी जा. पुढे काय झालं ते विचार."

शेजारणीला रेमाईपाशी बसवून तो निघाला.

सुतार म्हणाला, "खल पाहिला आणि मुलाची पेज बंद केली. जाणाऱ्याला कशाला त्रास?"

कोष्टी म्हणाला, "बापाला जमिनीवर काढून ठेवलं, दारं सताड उघडली. थंडीचे दिवस होते, वैद्यबुवा."

तिसरं घर धनाईचं. म्हातारी अंगणात मिरच्या वाळवत बसली होती!

"आजी, तुम्ही जिवंत?"

"मग काय करू? घरात रडायला कोणी नव्हतं. तुम्ही गेलात, मी रांगत जाऊन खल सरळ केला, सुंठ कुटली, प्याले. दुसरं कोण देणार होतं?"

सुताराच्या मुलाला आणि कोष्ट्याच्या बापाला चक्राने नाही, आपण मारलं, हे म्हाळदेवाला कळलं आणि तो ढसाढसा रडला.

घरी येऊन त्याने स्वतः औषध कुटलं, चमच्याचमच्याने पेज पाजली. तिसऱ्या दिवशी ऊन उतरलं तसा रेमाईचा श्वास मंदावला. फडताळात चक्र गरगरू लागलं. त्याने शापाने मुकी झालेली बोटं तिच्या मनगटावर ठेवली.

"जगेन का हो मी?"

"मला ठाऊक नाही," तो म्हणाला. जन्मात पहिल्यांदा म्हणाला. "तू पेज घे."

फडताळात चक्र तडकलं. त्याच्या बोटांखाली काहीतरी हललं, थांबलं, पुन्हा हललं. सूर्य मावळला तेव्हा रेमाई पेजेचा घोट गिळत होती.

राजाने चक्र वितळवून पेजेचं पातेलं करवलं. खल पालथा घालायला राज्यात बंदी झाली. शाप सरला.

म्हाळदेव मात्र दरसाल सुताराच्या आणि कोष्ट्याच्या दारी जाई. उंबऱ्याशी हात जोडून उभा राही.