शून्य तक्रारींचं गाव

"वर्षभरात तुमच्या गावातून एकही तक्रार नाही. म्हणजे रेंज उत्तम आहे. मग टॉवर कशाला?" मोबाइल कंपनीचे इंजिनिअर गुप्ते साहेब ग्रामसभेत ऐटीत म्हणाले.

खरं तर आंबेदऱ्यात साप चावला, तरी अँब्युलन्स बोलवायला डोंगर चढावा लागे.

आशा सेविका हौसाबाई भांगरे उठल्या. "साहेब, तक्रार करायची कशी?"

"सोपं आहे. आमच्या नंबरवर फोन करायचा."

"मग आमच्या वतीनं एक करून दाखवा की."

साहेबांनी फोन काढला. आधी ते दारात गेले, मग ओट्यावर, मग पारावर. शेवटी घामाघूम होऊन डोंगरमाथ्यावर पोचले, तेव्हा कुठं फोन लागला.

सहा महिन्यांत टॉवर उभा राहिला. कंपनीच्या दप्तरात आंबेदऱ्याची तक्रार आजही एकच आहे. तक्रारदार, गुप्ते.